बायबलच्या सनावळ्यांचा तक्ता: साडेसहाशे रुपयांत सहा फूट, आणि मधे एक वर्ष जास्तीचं

आधीच सांगते, मी धर्माच्या अभ्यासातली वगैरे नाही, घरी आठवी-नववीच्या इतिहासाच्या शिकवण्या घेते आणि सनावळ्यांचं वेड आहे एवढंच. नाशिकच्या एमजी रोडच्या बाजूच्या गल्लीत एका दुकानात पेनं आणायला गेले होते तर कोपऱ्यात हा तक्ता गुंडाळून ठेवलेला दिसला, सहा फूट लांब, दोन फूट रुंद, मराठीत, ग्लॉसी पेपर. ६५० म्हणाले, ६०० ला द्या म्हटलं, नाही दिला. घेतला. आता चार महिने झाले शिकवणीच्या खोलीत लावून, म्हणून लिहितेय.

चार आडवे पट्टे आहेत. सगळ्यात वर जगाच्या उत्पत्तीपासूनची वर्षं, त्याखाली बायबलमधली माणसं आणि राजे, त्याखाली अश्शूर (असीरिया), बाबेल (बॅबिलोन), पारस (इराण), रोम, आणि तळाला यहुदी आणि रोमन महिने शेजारी शेजारी.

पैसे वसूल झाले ते दुसऱ्या-तिसऱ्या पट्ट्यात. इस्राएलचा अहाब राजा इ.स.पू. ८५३ मध्ये कर्करच्या लढाईत अश्शूरच्या राजाविरुद्ध उभा होता, आणि ८४१ मध्ये इस्राएलचाच पुढचा एक राजा येहू त्याच अश्शूरच्या राजाला खंडणी देतो, हे दोन्ही अश्शूरच्या लेखांत आहे. म्हणजे मधे फार तर १२ वर्षं. आता बायबल उघडा, दोघांच्या मधे अहज्या २ वर्षं आणि योराम १२ वर्षं. झाले १४! मी पहिल्यांदा बघितलं तेव्हा वाटलं छपाईची चूक. चूक नाही. इस्राएलात राजा गादीवर बसला ते अर्धमुर्ध वर्षच पहिलं वर्ष धरायचे, म्हणजे जुन्या राजाचं शेवटचं आणि नव्याचं पहिलं हे एकच वर्ष दोनदा मोजलं जातं. दोघांचं एकेक वजा करा, १२ बरोबर बसतात. शेजारच्या यहूदाच्या राज्यात मात्र बराच काळ गादीवर बसल्यानंतरचं पूर्ण वर्ष पहिलं धरत, म्हणून दोन्हीकडचे आकडे नुसते शेजारी ठेवले की भांडतात. तक्त्यात हे दोन रंगांच्या तिरप्या रेघांनी दाखवलंय आणि खरंच छान दाखवलंय. पोरांना मी एवढंच म्हटलं, आजी म्हणते "बाळाला पाचवं लागलं" आणि शाळेच्या फॉर्मवर आपण लिहितो वय वर्षं ४, तसंच. एका मिनिटात कळलं.

आणि हे काही लांबचं नाही बरं का. आपल्या पांडवलेण्यांत तीन नंबरच्या लेण्यातला मोठा लेख बघा, सातवाहन राजा वासिष्ठीपुत्र पुळुमावीचं १९ वं वर्ष, उन्हाळ्याचा दुसरा पंधरवडा, दिवस तेरावा. दिवसापर्यंत सगळं लिहिलंय पण कुठला सन ते नाहीच, कारण तेव्हा राजाचं वर्ष हाच सन. लूकच्या शुभवर्तमानात "तिबिर्य कैसराच्या पंधराव्या वर्षी" लिहिलंय ते ह्याच जातीचं. तिबिर्य म्हणजे रोमचा सम्राट, त्याच्या आधीचा सम्राट ऑगस्टस वारला इ.स. १४ मध्ये, तिथून मोजलं तर २८-२९ येतं.

आता तक्रारी.

पहिली आणि मोठी. इ.स.पू. १ आणि इ.स. १ ह्यांच्या मधे ह्या लोकांनी चक्क "०" नावाचं घर छापलंय! शून्य वर्ष नाहीये हो. इ.स. ५२५ मध्ये डायोनिसियस नावाच्या संन्याशाने ही मोजणी काढली त्यात शून्य नव्हतंच, १ च्या मागे थेट १. माझ्या एका विद्यार्थ्याने यहुद्यांचा राजा हेरोद ह्याच्या मृत्यूपासून, म्हणजे इ.स.पू. ४, बोट ठेवून इ.स. ३० पर्यंत घरं मोजली आणि ३४ सांगितली, मी तोंडी ३३ सांगितलेली, वर्गासमोर माझीच पंचाईत. बाकी सन आपापल्या जागी बरोबर आहेत पण ह्या घरावरून उडी मारली की एक वर्ष वाढतं. दुकानात सांगितलं तर "ताई आम्ही फक्त विकतो, छापणाऱ्याला विचारा", आणि तक्त्यावर छापणाऱ्याचा फोन नंबरच नाही.

दुसरी, वरच्या पट्ट्यात उत्पत्ती इ.स.पू. ४००४ अशी ठोकून दिलीय, जणू सगळ्यांचं एकमत आहे. ते आयर्लंडच्या आर्चबिशप अशरचं १६५० सालचं गणित. यहुदी गणतीत ते ३७६१ येतं, २४३ वर्षांचा फरक! त्यांच्या जुन्या गणितात यरुशलेमचं दुसरं मंदिर बांधून झाल्यापासून सिकंदरापर्यंत पारसी राज्य फक्त ३४ वर्षं धरलंय, प्रत्यक्षात ती १८० च्या वर भरतात. शिवाय जलप्रलयाआधीच्या माणसांची वयं बायबलच्या हिब्रू प्रतीत वेगळी, ग्रीक भाषांतरात वेगळी. हिब्रूप्रमाणे ९६९ वर्षांचा मथुशलह बरोबर प्रलयाच्याच वर्षी जातो, आणि ग्रीकच्या काही प्रतींतले आकडे जुळवले तर तो प्रलयानंतरही १४ वर्षं जिवंत राहतो, नोहाच्या तारवात, म्हणजे जहाजात, न बसता!! एवढी गंमत सोडून नुसता एक आकडा छापला, ह्याचा मला जास्त राग आला. खाली बारीक अक्षरात एक ओळ टाकली असती तरी चाललं असतं.

तळाचा महिन्यांचा पट्टा बरा आहे, पण नीसान हा यहुदी महिना = एप्रिल असं सरळ लिहिलंय ते चुकीचं. तो मार्च-एप्रिल असा सरकतो, कारण महिना चंद्राचा, आपल्यासारखाच अमावस्या सरली की सुरू. त्यापेक्षा नीसान म्हणजे साधारण आपला चैत्र असं लिहिलं असतं तर नाशिकमधल्या कुठल्याही आजीला कळलं असतं. वल्हांडण हा यहुद्यांचा सण नीसानच्या पौर्णिमेच्या सुमारास, म्हणून २०२५ मध्ये १२ एप्रिलला इकडे हनुमान जयंती आणि तिकडे त्याच संध्याकाळी वल्हांडण सुरू. अधिक महिना त्यांच्याकडेही आहे, १९ वर्षांत ७ वेळा, फरक इतकाच की आपला वेगवेगळ्या महिन्यांत पडतो आणि त्यांचा कायम अदार हाच महिना दुप्पट होतो. रोमनांचा अधिक महिना तर पुरोहितांच्या हातात होता, आपल्या माणसाची सत्ता लांबवायला वर्ष लांबवायचे आणि नको असला की नाही घालायचे, शेवटी ज्युलियस सीझरला इ.स.पू. ४६ हे वर्ष ४४५ दिवसांचं करून सगळं जागेवर आणावं लागलं. हे तक्त्यात आहे, छोट्या चौकटीत, त्याबद्दल पूर्ण मार्क.

अजून एक चौकट मला फार आवडली. रोमन लोक मोजताना दोन्ही टोकं धरायचे, म्हणून आठ दिवसांनी येणाऱ्या त्यांच्या बाजाराला नाव नवावरून. येशूचं शुक्रवारी मरण आणि रविवारी "तिसऱ्या दिवशी" उठणं हेही त्याच हिशेबात बसतं, शुक्र शनि रवि. चौकटीत एवढंच आहे. पण मी गंगेवर, म्हणजे आमच्या गोदाकाठी, बुधवारच्या बाजारात भाजी घेत होते आणि अचानक डोक्यात आलं की आपणही सात दिवसांना आठवडा म्हणतो की! बुधवार ते बुधवार, दोन्ही बुधवार धरून आठ. दहावं-तेरावं पण बहुतेक घरांत गेल्याचा दिवस धरूनच. भाजीवालीने दोनदा विचारलं, ताई मेथी घ्यायची का नाही.

कागद ठीक, पण दुकानातून लॅमिनेशन करून घेऊ नका, माझ्या तक्त्याला पावसाळ्यात फुगे आले आणि नेमका सिकंदर फुग्यात गेला. घडी घातलेला देतील, तो नको म्हणा, गुंडाळलेलाच मागा, नाहीतर घडी बरोबर बाबेलच्या बंदिवासावर येते. माझ्याकडून पाचपैकी साडेतीन. शून्याच्या घरावर मी पांढरी पट्टी चिकटवलीय आणि त्यावर पेनाने लिहिलंय, "इथे थांबू नये".