अवमान याचिका चालवणाऱ्या एका वकील कार्यालयाचा अनुभव

निवृत्तीनंतर अडकलेल्या वेतन-फरकाची थकबाकी आठ आठवड्यांत द्यावी, असा आदेश उच्च न्यायालयाच्या खंडपीठाने १४ जून २०२२ रोजी माझ्या बाजूने दिला. त्याची अंमलबजावणी होईना, म्हणून मूळ याचिका चालवलेल्या वकील कार्यालयाकडेच मी जून २०२३ मध्ये पुन्हा गेलो. मधले दहा महिने "फाइल वर गेली आहे" या उत्तरावर विसंबून मी घालवले होते. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ च्या कलम २० प्रमाणे अवमान घडल्यापासून, म्हणजे माझ्या बाबतीत आदेशातले आठ आठवडे उलटूनही पैसे न दिल्यापासून, एक वर्षाच्या आत दाद मागावी लागते, हे मला तेव्हा कळले. म्हणजे हाती जेमतेम दोन महिने उरले होते. निकाल लागला तेव्हाच ही मुदत पक्षकाराला लेखी कळवायला हवी होती आणि ती कळवली नाही, हा या कार्यालयाचा मोठा दोष.

पुढचे काम मात्र चोख झाले. अवमान सिद्ध होण्यासाठी आदेशाची अवज्ञा हेतुपुरस्सर असावी लागते आणि "आदेश आमच्यापर्यंत पोहोचलाच नाही" ही ठरलेली सबब असते, म्हणून त्यांनी सर्वप्रथम आदेशाची प्रमाणित प्रत नोटिशीसह संबंधित कार्यालयात हातोहात पाठवली. साहेब दौऱ्यावर असल्याचे सांगून आवक लिपिकाने टाळाटाळ केली, तेव्हा वकिलांचे कारकून दुपारी साडेतीनपर्यंत बाकावर बसून राहिले आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख व आवक क्रमांक घेऊनच उठले. जुलैमध्ये याचिका दाखल झाली. न्यायालयाची नोटीस निघाल्यावर, वर्षभर न सापडलेले माझे सेवापुस्तक पंधरा दिवसांत सापडले. फेब्रुवारी २०२४ मधील सुनावणीच्या दोन दिवस आधी रक्कम खात्यात जमा झाली. बिनशर्त माफीसह अनुपालनाचे प्रतिज्ञापत्र आले आणि याचिका निकाली निघाली.

या कायद्यात सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही शिक्षा असल्या, तरी माफी स्वीकारली गेली की प्रकरण बहुधा तिथेच संपते, हे वकिलांनी पहिल्याच भेटीत स्पष्ट सांगितले होते. साहेबांना कोर्टात उभे करण्याची हौस मनात घेऊन गेलेल्या माझ्यासारख्याला ते रुचले नाही, पण खरे तेच होते.

व्याज मात्र मिळाले नाही. अवमान याचिकेत मूळ आदेशापलीकडचे काही पदरात पडत नाही आणि मूळ याचिकेत व्याजाची मागणीच लिहिलेली नव्हती. मसुदा याच कार्यालयाचा होता, म्हणून पाचपैकी साडेतीन तारे. फी दोन हप्त्यांत घेतली आणि दोन्हींच्या पावत्या दिल्या. व्याजासाठी आता स्वतंत्र निवेदन दिले आहे. त्याचा मसुदाही त्यांच्याकडूनच करून घेतला, आवक शिक्का मात्र या वेळी मी स्वतः बसून आणला.