ओएमडीचं ‘एनोला गे’ : गोड धून, जड विषय

मिरजेत तंबोऱ्याची जवारी काढणारा, म्हणजे तारा जिच्यावर टेकतात ती घोडी कानसीनं घासून झंकार जुळवणारा मी माणूस, पण ओएमडी या इंग्लिश बँडचं १९८० चं ‘एनोला गे’ कारखान्यात सारखं लावतो. यात गायलेलं ध्रुवपदच नाही. त्या जागी सिंथेसायझरची धून येते आणि दिवसभर तोंडातून जात नाही. खाली ड्रम मशीनचा न ढळणारा ठेका. पाय आपसूक हलतात. आणि गाणं कशावर? हिरोशिमावर अणुबॉम्ब टाकणाऱ्या विमानावर! वैमानिकानं विमानाला स्वतःच्या आईचं, ‘एनोला गे’ हे नाव दिलं होतं. बॉम्ब पडला त्या वेळेचा, सकाळच्या ८.१५ चा उल्लेख आला की माझी कानस घोडीवर थांबतेच. गायकाचा आवाज थोडा कोरडा वाटतो, पण एवढ्या गोड सुरात एवढं दुःख मांडायला छाती लागते. हेडफोन लावूनच ऐका, मोबाईलच्या स्पीकरवर बेस पार हरवतो.