यूपीएनपी की पोर्ट फॉरवर्डिंग?
एक्सबॉक्सवर नॅट (राऊटर बाहेरची जोडणी कितपत आत येऊ देतो ते) स्ट्रिक्ट, म्हणजे कडक, दाखवतंय आणि पार्टी चॅटमध्ये मित्रांचा आवाजच येत नाही, तर आधी राऊटरमधलं यूपीएनपी हे सेटिंग चालू करून बघा, कन्सोल आपला आपण पोर्ट (बाहेरून डेटा आत यायची वाट) उघडून घेतो, घरात दोन कन्सोल असतील तर हेच सोपं पडतं. पण मग स्वस्तातला वायफाय कॅमेरासुद्धा न विचारता पोर्ट उघडू शकतो, हे मला तरी खटकतं.

पोर्ट फॉरवर्डिंगमध्ये यूडीपी ३०७४ हा एक्सबॉक्सचा पोर्ट आपण हाताने एकाच कन्सोलला द्यायचा, कन्सोलचा आयपी (घरच्या नेटवर्कमधला पत्ता) फिक्स करायचा, कटकट आहे पण ताबा आपला. कोथरूडच्या फ्लॅटवर एकटेच खेळत असाल तर बिनधास्त हेच करा.

राऊटरचा वॅन आयपी (इंटरनेटच्या बाजूचा पत्ता) १००.६४ ते १००.१२७ मधला निघाला, म्हणजे कंपनीने एकच बाहेरचा पत्ता अनेक ग्राहकांत वाटलाय, तर मात्र दोन्हीचा फारसा उपयोग नाही, इंटरनेट कंपनीकडे पब्लिक आयपी (बाहेरून थेट पोहोचता येणारा पत्ता) मागा. आणि पिंग (सर्व्हरपर्यंत जाऊन यायला लागणारा वेळ) यातल्या कशानेच कमी होत नाही बरं का, त्यासाठी लॅन केबल ओढा.