कॅलिफोर्निया टूर चांगली, पण पत्रकातला तो फोटो आधी काढा

पुण्यातल्या एका टूर कंपनीबरोबर आम्ही दोघं जानेवारीअखेरीस कॅलिफोर्निया करून आलो. बुकिंग कोथरूडच्या ऑफिसात. हॉटेलं स्वच्छ, बस वेळेवर, जेवण बहुतेक पंजाबी, पण पोट बिघडलं नाही. मला लिहायचंय ते सॅन सिमिऑनजवळच्या पिएद्रास ब्लांकास किनाऱ्याबद्दल. तिथे एलिफंट सील नावाचे अवाढव्य समुद्री सस्तन प्राणी वाळूवर पडलेले असतात.

निघण्याआधीच्या मीटिंगमध्ये जे रंगीत पत्रक वाटलं, त्यात एक बाई एलिफंट सीलला जवळजवळ टेकून हसत उभ्या आहेत. वर "तिथे असे फोटो मिळतात" असंही सांगितलं. आमच्या ग्रुपमध्ये लहान मुलं होती. त्यांच्यासमोर हे सांगणं मला अजिबात पटलं नाही.

तिथला मोठा नर चार-पाच मीटर लांब असतो आणि वजन दोन टनांवर जातं, म्हणजे इनोव्हापेक्षा जड. विणीच्या हंगामात तो तीन-तीन महिने काही खात नाही, माद्यांसाठी झुंजत राहतो. तासन्‌तास निपचित पडलेला हा प्राणी दुसरा नर दिसला की एकदम उसळतो आणि थोडं अंतर फार वेगाने कापतो. वाटेत काय आहे ते बघत नाही. त्याच्याच जातीची पिल्लं त्याच्याखाली चिरडून मरतात, तिथे माणसाचं काय! पिल्लाजवळची मादीही चावते. माझी सगळी नोकरी सर्जिकल वॉर्डात गेली, म्हणून सांगते: सील चावल्यावर बोटाला जो संसर्ग होतो त्याला 'सील फिंगर' म्हणतात. बोट सुजतं, सांधा कायमचा आखडू शकतो आणि पेनिसिलिन त्यावर चालत नाही, टेट्रासायक्लिन गटातलं औषध लागतं. कशाने चावलं हे डॉक्टरांना सांगितलंच पाहिजे.

आणि त्रास त्यांनाही होतोच. आई पिल्लाला जेमतेम महिनाभर पाजते. तेवढ्यात माणसांच्या गडबडीने दोघांची ताटातूट झाली तर पिल्लू उपाशी मरतं. तेलासाठी मारून मारून ही जात एकेकाळी मेक्सिकोच्या ग्वादालुपे बेटापुरती उरली होती. या किनाऱ्यावर ती १९९० मध्ये आली. त्यांना छेडणं अमेरिकेत १९७२ पासून गुन्हा आहे.

आमच्या टूर मॅनेजरला मात्र पूर्ण मार्क. बसमधून उतरायच्या आधीच त्याने बजावलं की कठड्याच्या आतच थांबायचं. एक मुलगा मोबाइल घेऊन कठड्यावर चढायला लागला, तर हात धरून खाली घेतलं आणि शांतपणे कारण सांगितलं. निळ्या जॅकेटमधल्या स्वयंसेवकांशी त्यानेच आमची गाठ घालून दिली. त्या लोकांना काहीही विचारा, मनापासून सांगतात.

पाचपैकी साडेतीन. पत्रकात कठड्यावरून काढलेला फोटो छापा, सामानाच्या यादीत दुर्बीण आणि कानटोपी लिहा (वारा फार बोचतो), आणि अर्ध्या तासाचा हा थांबा निदान तासाभराचा करा. तिथे तिकीटही नाही.