कॅटॅलिनानंतर जुने गेम: मोजावे ठेवावं की क्रॉसओव्हर घ्यावं?

ऑक्टोबर २०१९ मध्ये मॅकच्या ऑपरेटिंग सिस्टिमची नवी आवृत्ती, मॅकओएस कॅटॅलिना, आली आणि ३२-बिट (जुन्या पद्धतीचे) प्रोग्रॅम चालणं बंद झालं. ‘पोर्टल २’, ‘हाफ-लाइफ २’ यांसारखे गेम विकत घेतलेले असूनही मॅकवर उघडेनात.

इंटेल चिपचा मॅक असेल, तर डिस्कवर वेगळा व्हॉल्यूम (भाग) करून त्यात मोजावे, म्हणजे कॅटॅलिनाच्या आधीची, ३२-बिट प्रोग्रॅम चालवणारी आवृत्ती टाकता येते. पैसे लागत नाहीत आणि गेमची मूळ मॅक आवृत्ती जशीच्या तशी चालते. पण खेळायचं म्हटलं की दर वेळी मशीन रीस्टार्ट करा! शिवाय मोजावेला आता सुरक्षा अपडेट मिळत नाहीत, त्यामुळे तिथून बँकेचे व्यवहार नकोतच. कॅटॅलिनासह किंवा त्यानंतर बाजारात आलेल्या मॅकवर मोजावे चढतच नाही. एम१ आणि पुढच्या, म्हणजे ॲपलच्या स्वतःच्या चिपच्या मॅकचा तर प्रश्नच नाही.

क्रॉसओव्हर हे ॲप वाइनवर, म्हणजे विंडोजचे प्रोग्रॅम इतर सिस्टिमवर चालवणाऱ्या मोफत सॉफ्टवेअरवर आधारलेलं आहे. ते गेमची विंडोज आवृत्ती चालवतं, विंडोजचं लायसन्स लागत नाही, रीस्टार्टही नाही. मात्र ते विकत घ्यावं लागतं आणि प्रत्येक गेम चालेलच असं नाही, म्हणून आधी ट्रायलवर आपला गेम चालवून बघा.

जुना इंटेल मॅक पडून असेल, तर मी मोजावेच ठेवेन. बाकीच्यांनी क्रॉसओव्हर.