डब्लिनमधील द्वंद्वयुद्धांची पायी सफर : मामांसह घेतलेला अनुभव

डब्लिन शहरात द्वंद्वयुद्धांच्या इतिहासावर आधारलेली एक पायी सफर चालते. वेळ 3 तास, एका फेरीत जास्तीत जास्त 12 माणसे आणि माणशी 25 युरो. सुट्टीवर माझ्याकडे आलेले मामा निवृत्त इतिहासशिक्षक आहेत, त्यांना घेऊन मी एप्रिलमध्ये ही सफर केली. मार्गदर्शिका हे सारे एकटीच सांभाळते आणि तिच्या काही उणिवाही इथे लिहायच्या आहेत, म्हणून नाव देत नाही. पण ज्यांना आयर्लंडच्या सार्वजनिक जीवनात अब्रू म्हणजे नेमके काय होते हे समजून घ्यायचे आहे, त्यांनी अशी सफर जरूर करावी, कारण तिच्यातला मधला एक तास मी आजवर ऐकलेल्या इतिहासकथनांत सर्वांत चांगला होता.

सुरुवात कॉलेज ग्रीनवरील जुन्या आयरिश पार्लमेंटच्या इमारतीपासून होते. आता तिथे बँक ऑफ आयर्लंड आहे. ब्रिटनशी एकीकरण करण्याच्या प्रस्तावावर 1800 मध्ये इथे कडाक्याचे वाद झाले आणि त्यातूनच एकीकरणाचा विरोधक हेन्री ग्रॅटन व अर्थमंत्री आयझॅक कॉरी यांच्यात पिस्तुले चालली, कॉरीच्या दंडाला गोळी लागली. वर्ष संपताच ते पार्लमेंटच संपुष्टात आले. क्लॉनमेल येथे 1777 मध्ये ठरलेल्या द्वंद्वाच्या नियमांविषयीही मार्गदर्शिका इथेच सांगते. क्षमायाचना कोणी आधी करायची, कोणत्या अपमानाला शाब्दिक माफी पुरते आणि कोणत्याला गोळी झाडल्याखेरीज भरपाई होत नाही, हे सारे त्यात ठरवून दिले होते. हा भाग नेटका आहे, पण घाईत उरकला जातो.

दुसरा थांबा सिटी हॉलचा, आणि इथे सफरीतली एकमेव ढळढळीत चूक होते. कॅथलिकांच्या हक्कांसाठी लढणारा वकील आणि नेता डॅनिएल ओकॉनेल याने 1815 मध्ये ज्या महापालिकेला 'भिकारडी' म्हटले, ती तेव्हा याच इमारतीत भरत असे, असे आम्हांला सांगण्यात आले. वस्तुतः ही इमारत त्या काळी व्यापाऱ्यांचे रॉयल एक्स्चेंज होती, महापालिका साउथ विल्यम स्ट्रीटवर भरत असे आणि ती इथे 1852 मध्ये आली. चूक लहान वाटेल, पण जागा दाखवून इतिहास सांगणाऱ्याने जागेबाबत तरी चुकू नये. खरे तर या इमारतीचे ओकॉनेलशी असलेले नाते अधिक मोलाचे आहे, कारण 1800 मध्ये एकीकरणाच्या विरोधात त्याने आपले पहिले जाहीर भाषण इथेच केले होते. मी हे विचारले तेव्हा मार्गदर्शिकेने मोकळेपणाने मान्य केले आणि वहीत टिपून घेतले, याची नोंद करणे मला आवश्यक वाटते.

नदी ओलांडून आपण फोर कोर्ट्स या न्यायालयाच्या इमारतीसमोरच्या धक्क्यावर येतो आणि तिथून पुढचा तास विसरता येत नाही. जॉन डेस्टेर हा रॉयल मरीन्सचा माजी अधिकारी, महापालिकेचा सदस्य, व्यापारात बुडत चाललेला माणूस. संपूर्णपणे प्रॉटेस्टंट असलेल्या त्या महापालिकेने कॅथलिकांच्या हक्कांना विरोध केला होता, म्हणून ओकॉनेलने तिला 'भिकारडी' म्हटले होते. डेस्टेरने पत्र लिहून खुलासा मागितला. आलेल्या उत्तरात एक अक्षरही मागे घेतलेले नव्हते. त्याने पुन्हा लिहिलेले पत्र न फोडताच परत आले. मग तो हातात चाबूक घेऊन ओकॉनेलच्या शोधात रस्त्यांतून हिंडू लागला आणि गर्दी त्याच्या मागोमाग. मार्गदर्शिकेने आम्हांला धक्क्यावरून कोर्टाच्या घुमटाकडे तोंड करून उभे केले आणि सांगितले की या दारातून रोज ये-जा करणाऱ्या एका कॅथलिक वकिलाला भर रस्त्यात चाबूक बसला असता, तर दुसऱ्या दिवशी त्याच्या बाजूने बोलायला कोणी उरले नसते. कॅथलिक असल्यामुळे त्याला लंडनच्या पार्लमेंटमध्ये बसता येत नव्हते आणि वकिलीतली वरची पदेही मिळत नव्हती. त्याच्या हाती होती ती केवळ इभ्रत, आणि तीही पिस्तुलासमोर सिद्ध करावी लागणारी.

फेब्रुवारीच्या आरंभी किल्डेअर परगण्यातील बिशप्सकोर्ट येथे दोघे समोरासमोर आले. डेस्टेरचा नेम चुकला. ओकॉनेलने खाली नेम धरला होता, गोळी कमरेपाशी लागली आणि दोन दिवसांनी डेस्टेर मरण पावला. इथवर कोणीही सांगेल. ही मार्गदर्शिका मात्र इथून डेस्टेरच्या पत्नीकडे वळते. कर्जात बुडालेल्या घरात मागे राहिलेल्या त्या बाईला ओकॉनेलने आपल्या उत्पन्नाचा वाटा देऊ केला. तिने तो नाकारला, मुलीसाठी वार्षिक रक्कम तेवढी स्वीकारली, आणि ओकॉनेलने ती 1847 मध्ये स्वतःच्या मृत्यूपर्यंत दिली. पुन्हा द्वंद्व लढणार नाही अशी त्याने शपथ घेतली, आणि पवित्र प्रसाद घेताना तो उजव्या हातावर मोजा चढवीत असे, असे सांगतात. हे सांगताना मार्गदर्शिकेने स्वतःच्या खिशातून एक काळा मोजा काढून हळूच हातावर चढवला. नाटकीपणा होईल अशी मला भीती वाटली, पण तिने तो हात पुन्हा वर उचलला नाही आणि त्यावर एक शब्दही बोलली नाही. मामा बराच वेळ नदीकडे पाहत उभे होते. त्याच महापालिकेचा ओकॉनेल 1841 मध्ये लॉर्ड मेयर झाला, हे तिने चालता चालता सांगितले. ही गोष्ट धक्क्यावरच, शांतपणे सांगायला हवी होती.

पुढे फोर कोर्ट्स थांब्यावरून ट्रामने ह्यूस्टन स्थानकापर्यंत जायचे (तिकीट ज्याचे त्याने काढायचे, हे नोंदणी करताना सांगितले जात नाही) आणि तिथून चालत फीनिक्स पार्कमध्ये. या उद्यानातील फिफ्टीन एकर्सचे मैदान द्वंद्वांसाठी प्रसिद्ध होते, पण सफर वेलिंग्टनच्या 62 मीटर उंच स्तंभाशीच थांबते. तोवर वेळ संपत आलेला असतो आणि सफरीचा सर्वांत अर्थपूर्ण धागा इथेच निसटतो. क्लेअरच्या पोटनिवडणुकीत ओकॉनेल 1828 मध्ये निवडून आला, त्यामुळे कॅथलिकांना पार्लमेंट खुले करण्यावाचून ब्रिटिश पंतप्रधान वेलिंग्टनला गत्यंतर उरले नाही. त्यावरून अर्ल ऑफ विंचिल्सीने त्याच्या हेतूंवर जाहीर आरोप केला, तेव्हा 21 मार्च 1829 रोजी लंडनजवळच्या बॅटरसी फील्ड्सवर देशाचा पंतप्रधान वयाच्या 59 व्या वर्षी पिस्तूल घेऊन उभा राहिला. वेलिंग्टनची गोळी बाजूने गेली, विंचिल्सीने हवेत झाडली आणि लेखी माफी दिली. तीन आठवड्यांनी, 13 एप्रिलला, कायद्याला राजाची संमती मिळाली. स्तंभावरील एका कांस्यपटाचे नावच 'नागरी आणि धार्मिक स्वातंत्र्य' आहे, पण आम्हांला तो दोन वाक्यांत दाखवून पुढे नेण्यात आले.

दुसऱ्या कांस्यपटावर भारतातील युद्धे आहेत. मामांनी चष्मा पुसून तो नीट पाहिला आणि विचारले, "असईला मराठ्यांशी लढलेला वेलस्ली तो हाच ना गं?" मी म्हटले, "हो मामा, हाच. आणि त्या द्वंद्वात त्याच्या बाजूने उभा राहिलेला हार्डिंग पुढे आपल्याकडे गव्हर्नर जनरल म्हणून आला." त्यावर मामांनी गव्हर्नर जनरल वॉरन हेस्टिंग्ज आणि त्याच्या कौन्सिलचा सदस्य फिलिप फ्रान्सिस यांच्यात 1780 च्या ऑगस्टमध्ये कोलकात्याजवळ अलिपूरला झालेल्या द्वंद्वाची आठवण काढली. मराठ्यांशी चाललेल्या युद्धात आड येणार नाही असा शब्द फ्रान्सिसने दिला होता आणि तो मोडला, असे हेस्टिंग्जचे म्हणणे होते. त्याने तसे सरकारी कागदावर लिहिले, फ्रान्सिसने आव्हान दिले आणि तोच गोळी लागून जखमी झाला. मार्गदर्शिकेने हे थांबून, मनापासून ऐकले. सफरीत ब्रिटिश सत्तेच्या या दुसऱ्या टोकाला कुठेच जागा नाही, आणि भारतीय पाहुण्यांची संख्या पाहता ती असायला हवी, असे मी तिला स्पष्ट सांगितले.

जाणाऱ्यांनी सकाळची फेरी घ्यावी, कारण दुपारी फोर कोर्ट्ससमोर वाहनांच्या आवाजात अर्धे शब्द हरवतात. पायांत चालण्याचे बूट आणि अंगावर पावसाळी कोट असावा. सफर उद्यानात संपते, परतीची सोय आपली आपण करावी लागते. ओकॉनेलची पिस्तुले मात्र डब्लिनमध्ये पाहायला मिळत नाहीत. ती केरी परगण्यात, डेरिनेन येथील त्याच्या घरी जपून ठेवली आहेत, आणि परत जाण्यापूर्वी ती पाहायचीच असा मामांचा आग्रह असल्यामुळे पुढच्या शनिवारची आमची गाडी ठरली आहे.