रिफर्बिश्ड एरोनेट २७०२ घेताय? आधी आतली इमेज कुठली ते विचारा

नवी मुंबईत महापे एमआयडीसीत जुना नेटवर्किंगचा माल विकणारे एकजण आहेत, त्यांच्याकडून कोपरखैरण्याच्या एका क्लासेससाठी सिस्कोचे एरोनेट २७०२आय घेतले, म्हणजे वायफाय सोडणारे ॲक्सेस पॉइंट (एपी). मशीन एक नंबर. अख्खी बॅच टॅब घेऊन बसली तरी नेट रडत नाही, आधीचा घरगुती राउटर तिथे मान टाकायचा.

पण यात खरी गोम फर्मवेअरची, म्हणजे आतल्या सॉफ्टवेअरची आहे. त्याच्या फाइलला इमेज म्हणतात, आणि या एपीत दोनपैकी एक इमेज असते. फाइलच्या नावात के९डब्ल्यू८ असेल तर ती लाइटवेट, म्हणजे कंट्रोलर (अनेक एपी एकत्र चालवणारं वेगळं मशीन) शोधत बसणार आणि कंट्रोलर नसेल तर वायफाय सोडणारच नाही. के९डब्ल्यू७ म्हणजे ऑटोनॉमस, एकटी चालते, छोट्या जागेला हीच हवी. कंपन्यांतून निघालेला माल बहुतेक डब्ल्यू८वालाच असतो आणि ऑनलाइन एकाने हेच मॉडेल मला 'प्लग अँड प्ले' म्हणून गळ्यात मारलं होतं, चीड येते असल्या लोकांची. महाप्याच्या या साहेबांनी मात्र पैशाचं बोलायच्या आधी विचारलं, "कंट्रोलर आहे का तुमच्याकडे?" आणि काउंटरवरच कन्सोल केबलने एपी लॅपटॉपला जोडून 'शो व्हर्जन' कमांडने आतली इमेज दाखवली. मागच्या स्टिकरवर मॉडेल नंबरात डी आहे ना तेही बघा, डी म्हणजे भारताचं रेडिओ डोमेन (इथल्या नियमांत बसणारे वायफायचे चॅनल), अमेरिकेहून आलेल्या मालावर ए किंवा बी असतं.

इमेज बदलणं अवघड नाही, फक्त घाई नको. लॅपटॉपला १०.०.०.२ आयपी द्या, टीएफटीपी सर्व्हर (नेटवर्कवरून फाइल देणारा छोटा प्रोग्रॅम) चालू करा, फायरवॉल बंद, आणि फाइलचं नाव बरोब्बर एपी३जी२-के९डब्ल्यू७-टार.डीफॉल्ट (ap3g2-k9w7-tar.default). विंडोज मागचं .टार लपवून ठेवतं आणि मग फाइल सापडतच नाही, तेव्हा एक्स्टेंशन दिसतील असं सेटिंग आधी करा. मग मोड बटण दाबून ठेवून पॉवर द्यायची, २०-३० सेकंदांनी लाइट लाल झाला की सोडायचं, एपी स्वतः १०.०.०.१ घेऊन फाइल ओढतो. लॅपटॉपवर कन्सोलची विंडो ९६०० स्पीडवर उघडी ठेवलीत तर सगळं डोळ्यासमोर दिसतं. मध्ये लाइट गेली तर पंचाईत, म्हणून पीओई इंजेक्टर (नेटवर्क केबलमधूनच एपीला वीज देणारा अडॅप्टर) यूपीएसवर लावा.

झाल्यावर वायफाय दिसलं नाही म्हणून घाबरू नका, रेडिओ सुरुवातीला बंदच असतात. लॉगिन आणि पासवर्ड दोन्ही सिस्को, सी कॅपिटल, आत शिरल्या शिरल्या आधी तो बदला.

इमेज कुणाच्या ड्राइव्ह लिंकवरून उचलू नका हो, कंपनीच्या साइटवरचा चेकसम (फाइल अस्सल आहे का ते सांगणारा कोड) जुळवूनच टाका. आणि हे मॉडेल कंपनीने बंद केलंय, नवे सिक्युरिटी पॅच येणार नाहीत, त्यामुळे क्लासच्या पोरांचं वायफाय वेगळ्या व्हीलॅनवर (त्याच नेटवर्कच्या वेगळ्या कप्प्यात) ठेवलंय, फीचा हिशोब असलेला कॉम्प्युटर त्यावर अजिबात नाही. ज्यांच्याकडे पेशंटचा किंवा बँकेचा डेटा आहे त्यांनी नवीनच घ्यावं. क्लास, वाचनालय, सोसायटीचा हॉल असेल तर बिनधास्त महाप्याला जा.